पहिली बादली

"टेप हाय का तुझ्याकडं?"

सिसिलबाय माझ्याशी बोलली ते हे पहिलं वाक्य. रविवारची सकाळ होती. आमच्या सोसायटीचा सेक्रेटरी होऊन मला जेमतेम दोन आठवडे झाले होते आणि दारात सत्तरीला टेकलेली एक बाई उभी होती. अंगात फुलाफुलांचा झगा, डोक्याला घट्ट बांधलेला रुमाल, हातात खराटा. मी टेप आहे म्हटल्यावर ती म्हणाली, "मग घे नि चल. तुमच्या बिल्डिंगचा पावसाच्या पाण्याचा पाइप दीड फूट माझ्या हद्दीत आलाय."

मरोळच्या एका कारखान्यात मी सव्वीस वर्षं तपासणी खात्यात आहे. दुसऱ्यांनी बनवलेली वस्तू मोजायची आणि बसत नसेल तर परत पाठवायची, एवढंच माझं काम. नजरेनं माप सांगणाऱ्या माणसांवर माझा विश्वास नाही. खाली जाऊन मी टेप लावली. साडेसतरा इंच भरलं. मी तसं सांगितलं.

"अर्धा इंच तुना माफ," ती म्हणाली. "बाकीचा पाइप पुढच्या रविवारपर्यंत काढ."

काढला. त्या दिवसापासून ती गेली तोपर्यंतची अकरा वर्षं मी तिला 'सिसिलबाय' आणि 'तुम्ही' म्हणत राहिलो, ती मला 'सावंत' आणि 'तू'.

आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून तिची वाडी पूर्ण दिसायची. साडेपाच गुंठे. म्हणजे पाच हजार नऊशे नव्वद चौरस फूट. तीन बाजूंना सात-सात मजल्यांच्या इमारती आणि पश्चिमेला गावठाणातली अरुंद गल्ली. मध्ये कौलारू घर, एक फणस आणि रहाट असलेली विहीर. नवरा, फ्रान्सिस, जाऊन बरीच वर्षं झालेली. एक मुलगी वसईला, दुसरी परदेशात. सिसिलबाय एका औषधांच्या कंपनीत पॅकिंगला तीस वर्षं उभी राहून रिटायर झाली होती आणि त्यानंतर बसलेली मी तिला फारशी पाहिली नाही.

रोज सकाळी सात वाजता ती भिंतीच्या आतल्या कडेनं सगळी वाडी झाडायची. पान पडलेलं असो वा नसो, चारही बाजू. एकदा मी खिडकीतूनच विचारलं, "तिकडे कचरा कुठे आहे, सिसिलबाय?"

"कचऱ्यासाठी नय झाडत रे. जमीन रोज झाडली नय तर ती दुसऱ्याकडं बघायला लागते."

तिची आणखी एक सवय अख्ख्या गल्लीला ठाऊक होती. कुठल्याही कागदावर ती त्याच दिवशी सही करत नसे. "आज वाचते, उद्या सही." बँक असो, गॅसवाला असो, नियम एकच. कुरियरवाल्यालाही दुसऱ्या दिवशी यावं लागे. बिचारा एकदा माझ्याकडे तक्रार घेऊन आला. मी तिला सांगितलं, ती फक्त पाकीट मिळाल्याची सही आहे. ती म्हणाली, "पाकिटात काय हाय ते बघितल्याशिवाय मिळालं कसं म्हणू?" 

ही सवय उगाच नव्हती. तिच्या सासरचं सगळं घर एका न केलेल्या कागदावर उभं होतं. ते आम्हाला पत्र्यांच्या दिवशी कळलं.

मंगळवार होता, माझी दुसरी पाळी, म्हणून मी घरी होतो. एक टेम्पो गल्लीत आला. चार माणसांनी पत्रे उतरवले, पाचव्याच्या हातात फाइल होती आणि काखेत एक बोर्ड. तो म्हणाला, "आंटी, इस जमीन का खरेदीखत हो गया है. हम कंपाउंड मारने आए हैं. आप का सामान आराम से निकालो, जल्दी नहीं है."

"कुणी विकली?"

"क्लाइव्ह साहब ने."

क्लाइव्ह म्हणजे तिच्या नवऱ्याच्या चुलतभावाचा मुलगा. गल्लीच्या तोंडाशी, मोठ्या रस्त्यावर राहायचा. खाली चार दुकानं, वर तीन मजले.

सिसिलबायनं आरडाओरड केली नाही. घरातून वेताची खुर्ची ओढत आणली, विहिरीला लावली, बसली आणि रहाटाचा दोर एका हातात धरला. दुसऱ्या हातानं मला फोन केला. "सावंत, खाली ये. आणि चप्पल घालून ये, इथं खिळे पडलेत."

पोलीस आले, फाइल पाहिली, घर पाहिलं आणि दोघांनाही सांगितलं, हे दिवाणी प्रकरण आहे, कोर्टात जा. माणसं गेली, पण पत्रे तिथेच ठेवून गेली. ताबा दाखवायची ती एक रीत असते, हे मला नंतर कळलं. सिसिलबायला कसं कुणास ठाऊक, तेव्हाच कळलं होतं. एप्रिल चालू होता. चौथ्या दिवशी तिनं सगळे पत्रे ओळीनं आडवे मांडले आणि त्यावर वर्षाच्या मसाल्याच्या मिरच्या वाळत घातल्या. फाइलवाला परत आला तेव्हा लालेलाल अंगण बघून ठसकला.

"आंटी, ये हमारा माल है."

"पत्रा तुमचा, मिरची माझी, जमीन पण माझी. मसाला कुटून झाला की घेऊन जा."

तेरा दिवसांनी त्यांनी ते नेले. मसाल्याच्या बाटल्यांतली एक आमच्या घरी आली. बायको म्हणाली, यंदाचा जास्त तिखट आहे.

आता तो न केलेला कागद. सिसिलबायचा सासरा जुवाव आणि त्याचा धाकटा भाऊ बास्त्याव. वाटणीत जुवावला रस्त्याकडचा तुकडा मिळाला आणि बास्त्यावला आतला, विहिरीचा. सरकारी दप्तरात तशीच नावं लागली. पण जुवावला पाच मुली होत्या. त्यांच्या समाजात लग्नाच्या आदल्या दिवशी उंबराचं पाणी काढतात. बाया लुगडी नेसून, घुमट वाजवत, गाणी म्हणत विहिरीवर जातात आणि त्या पाण्यानं नवरीची किंवा नवऱ्याची आंघोळ होते. जुवावची बायको म्हणाली, पाच मुलींची पाच लग्नं, प्रत्येक वेळी मी जावेच्या दारात उभी राहणार नाही. तेव्हा रस्त्याला काही किंमत नव्हती, नुसती धूळ होती. दोघा भावांनी एका रविवारी जेवायला बसल्या-बसल्या तुकडे बदलले. बायकांनी आपापल्या घराच्या चाव्या एकमेकींना दिल्या. बैलगाडीनं सामान हलवलं. कागद कुणी केला नाही. सख्ख्या भावांत कागद करणं म्हणजे अविश्वास दाखवणं, आणि गावाला तर माहीतच होतं.

गावाला माहीत होतं, दप्तराला नव्हतं. साठाच्या वर वर्षं गेली. क्लाइव्ह आपली इमारत पाडून नवी बांधायला निघाला, प्रॉपर्टी कार्ड काढलं, तर त्यावर नाव जुवावचं. आणि सिसिलबायच्या वाडीच्या कार्डावर नाव त्याच्या आजोबांचं, बास्त्यावचं. सरळ माणूस अशा वेळी काकीकडे चहाला गेला असता. क्लाइव्हनं आतला तुकडा एका बिल्डरला विकून टाकला.

अंधेरीतल्या आमच्या वकीलबाई हुशार होत्या. दोन्ही कार्डं शेजारी ठेवून त्या हसल्या. "मावशी, सोपं आहे. त्याला कागद खरा हवा ना? मग रस्त्याकडचा प्लॉट कागदावर तुमच्या सासऱ्यांचा आहे. तो मागा. दुकानं, मजले, सगळं त्याच्यावर उलटेल. आणि तिथला भाव आतल्यापेक्षा तिप्पट."

मी मनात तिप्पट करून पाहिलं. खोटं कशाला बोलू, मला पटलं.

सिसिलबाय म्हणाली, "नय."

"का पण?"

"सासऱ्यानं धूळ दिली नि विहीर घेतली. आता धुळीला भाव आला म्हणून मी विहीर परत करू? मग माझ्यात नि क्लाइव्हमध्ये फरक काय? बदली झाली ती झाली. तेच कोर्टाला सांगा."

"ते शाबीत करावं लागेल मावशी. ते म्हणणार, तुम्हाला दया म्हणून राहू दिलं. घरपट्टीच्या पावत्यांवरून तुम्ही तिथे राहत होता एवढंच कळतं. मालक म्हणून राहत होता, हे कशावरून?"

 आम्ही रिक्षानं मरोळला परतलो. गल्लीच्या तोंडाशी उतरताना सिसिलबाय म्हणाली, "पहिली बादली."

मला कळलं नाही. तिनं विहिरीजवळ नेऊन दाखवलं. विहीर गावठाणात ही एकच उरलेली, त्यामुळे उंबराच्या पाण्याला सगळे इथेच यायचे. पण नियम असा, की फाटकाबाहेर थांबून घरच्या बाईला विचारायचं, विडा-सुपारी द्यायची, आणि पहिली बादली घरच्या बाईनंच ओढायची. मग पाहुण्यांनी. घरच्या बाईचा हात लागल्याशिवाय दुसऱ्या कुणी दोर सोडायचा नाही.

"आणि लग्नात फोटो काढतात की नय?" ती म्हणाली.

पुढचे पाच महिने आमचे रविवार फोटोंत गेले. मरोळ, कुर्ला, कांदिवली, वसई. ती पुढे, मी पिशवी आणि वही घेऊन मागे. प्रत्येक घरी अल्बम निघायचा, फुगे नावाचे तळलेले गोल पाव आणि चहा यायचा, मेलेल्या माणसांची नावं निघायची. एका म्हाताऱ्यानं फोटो द्यायला खळखळ केली. "कोर्टाच्या भानगडीत माझं लग्न कशाला?" सिसिलबाय म्हणाली, "लग्न तुझं, पाणी माझं. पाणी परत दे, मी फोटो ठेवून जाते." त्यानं फोटो दिला.

मी प्रत्येक फोटोला नंबर दिला. कुणाचं लग्न, दोराला कुणाचा हात, मागे काय दिसतं: फणस, रहाट, भिंत. एकूण पंचेचाळीस जमले. त्यातल्या चारांत विहिरीचा काठ नीट दिसत नव्हता, ते मी काढून टाकले. वकीलबाई म्हणाल्या राहू द्या, कोण बघतंय. सिसिलबाय म्हणाली, "सावंतनं काढले म्हणजे काढले." एकेचाळीस उरले. एकेचाळीसपैकी सव्वीसांत दोराला सासूचा हात होता आणि पंधरांत सिसिलबायचा. तिसऱ्या कुणाचा एकातही नाही.

पण खरा फोटो कांदिवलीला मिळाला. तिथं ट्रीझाबाय राहायची. ती बास्त्यावची मुलगी, क्लाइव्हची सख्खी आत्या. जिन्यात सिसिलबाय मला म्हणाली, "ही दार उघडेल की नय, सांगता येत नय." दार उघडलं. ट्रीझाबायनं आम्हाला उंबऱ्यातच अडवलं.

"क्लाइव्हविरुद्ध मागायला आलीस?"

"विहिरीसाठी मागायला आलेय."

"तो माझ्या भावाचा पोर हाय, सिसिल."

"माहीत हाय मना. मी पण त्याला मांडीवर घेतलाय."

ट्रीझाबाय आत गेली. मला वाटलं, संपलं. पण ट्रंक उघडल्याचा आवाज आला आणि ती अल्बम घेऊन बाहेर आली. तिच्या भावाचं, म्हणजे क्लाइव्हच्या बापाचंच लग्न. फोटोत बास्त्यावची बायको लुगडं नेसून, हातात विड्याचं ताट धरून फाटकाच्या बाहेर उभी होती. आत, दोराला हात लावून, सिसिलबायची सासू.

"घेऊन जा," ट्रीझाबाय म्हणाली. "आईनं त्या दिवशी मान खाली घालून विचारलं नय. हसत विचारलं. तेवढं कोर्टाला सांग."

मी त्याला एकोणीस नंबर दिला.

याच दिवसांत मी वाडी नव्यानं मोजली आणि एक अडचण निघाली. पश्चिमेची भिंत गल्लीत दोन फूट पुढे होती. मी तीनदा मोजलं. मग तिला बाजूला घेऊन हळूच सांगितलं. 

"फ्रान्सिसनं सरकवली. पावसात पडली होती, परत बांधताना. मी तेव्हाच बोलले होते." मग म्हणाली, "वहीत लिही."

"वकीलबाई नको म्हणतील."

"तू माप लपवतो काय रे, कंपनीत?"

मी लिहिलं.

कोर्टानं निकाल लागेपर्यंत तिला हलवायचं नाही असा मनाई हुकूम दिला. त्यानंतर तारखा. चार वर्षांत मी मोजलेल्या एकोणसाठ. त्यांतल्या दोन सोडून सगळ्यांना ती हजर होती, त्या दोन मोतीबिंदूच्या. शेवटी उलटतपासणीचा दिवस आला. समोरचे वकील गोड बोलायचे.

"बाई, तुमचं शिक्षण किती?"

"सातवी."

"मग जमिनीचे कागद तुम्हाला समजतात?"

"समजतात. म्हणून तर इथं आले."

"बरं. आज तुम्ही जी भिंत तुमची म्हणता, ती मूळ जागी आहे?"

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. मी खाली बघायला लागलो.

"तीन बाजूची हाय," सिसिलबाय म्हणाली. "पश्चिमेची नय. माझ्या नवऱ्यानं गल्लीत दोन फूट पुढं घेतली. ते दोन फूट माझे नय. गल्लीचे हाय, लिहून घ्या." न्यायाधीशांनी मान वर केली. ती थांबली नाही. "पण त्याच्या आतला एक इंच मी सोडणार नय."

समोरच्या वकिलांना हा प्रश्न पुढे बराच ताणायचा असावा. त्यांनी दोन पानं उलटली. "बास्त्याव यांनी केवळ नात्याखातर, दया म्हणून तुमच्या सासऱ्यांना तिथे राहू दिलं, हे म्हणणं खरं आहे ना?"

"खोटं. विहिरीचा मालक दुसऱ्याकडं बादली मागत नय. बास्त्यावच्या बायकोनं स्वतःच्या मुलाच्या लग्नाला पाणी मागितलं. फोटो नंबर एकोणीस बघा."

एकेचाळीसच्या एकेचाळीस नंबर तिला पाठ होते. मला नव्हते.

निकाल तिच्या बाजूनं लागला. भावांनी अदलाबदल केली होती आणि दोन्ही घरं त्या अदलाबदलीप्रमाणेच वागत आली, असं कोर्टानं मानलं. क्लाइव्ह आणि त्याच्या बिल्डरनं अपील केलं. ते अजून चालू आहे. तिला कुणी अभिनंदन म्हटलं की ती म्हणायची, "अर्ध्या वाटेत कसलं अभिनंदन?" आणि झाडू घ्यायची.

अपील दाखल झाल्यानंतरच्याच डिसेंबरात क्लाइव्हच्या मुलीचं लग्न ठरलं. गावठाणात एकच चर्चा: पाणी कुठून काढणार? कुणी म्हणालं, नळाचं घेतील. कुणी म्हणालं, टँकर मागवतील आणि त्याला घुमट वाजवतील. लग्नाच्या आदल्या दिवशी दुपारी चार वाजता गल्लीत घुमट ऐकू आला. मी धावत खाली गेलो. पुढे ट्रीझाबाय, लाल लुगड्यात, हातात विड्याचं ताट. मागे बाया. सगळ्यांत मागे, सूट घातलेला क्लाइव्ह, मोबाइलमध्ये बघत.

सिसिलबाय फाटकात उभी होती. तिनंही लुगडं नेसलं होतं. अकरा वर्षांत मी तिला प्रथमच लुगड्यात पाहिलं. म्हणजे तिला माहीत होतं.

ट्रीझाबायनं ताट पुढे केलं. "सिसिल, पोरीसाठी पाणी पाहिजे."

"पाणी मी कुणाला नाकारलं नय. पण पोरीचा बाप मागं कशाला उभा? त्याला विचारू दे."

घुमट थांबला. बाया बाजूला झाल्या. क्लाइव्ह पुढे आला. पन्नाशीचा माणूस, पण मान शाळेतल्या पोरासारखी. हळू आवाजात म्हणाला, "काकी, असं काय करते? केस वेगळी, घरचं वेगळं."

"केस तुझ्या वकिलाला सांग. इथं विहिरीला सांग. कुणाचं पाणी पाहिजे तुना?"

तो मी फोटोसाठी धरलेल्या मोबाइलकडे बघत होता. त्याला सगळं कळत होतं. मागून त्याची मुलगी, उद्याची नवरी, म्हणाली, "डॅडी, बोल ना. ऊन लागतंय सगळ्यांना."

"तुझ्या विहिरीचं," क्लाइव्ह म्हणाला.

"मोठ्यानं. ट्रीझाला कमी ऐकू येतं."

"तुझ्या विहिरीचं पाणी पाहिजे, काकी!"

सिसिलबायनं सुपारी उचलली, फाटक उघडलं आणि मागे न बघता विहिरीकडे चालू लागली. दोर हातात घेतल्यावर मात्र वळून माझ्याकडे बघितलं. "सावंत, काठ नीट दिसतोय का? नय तर मग काढून टाकशील."

काठ दिसत होता. फणस, रहाट, ताट घेतलेली ट्रीझाबाय, तिच्यामागे सूटमधला क्लाइव्ह, आणि दोरावर एकच हात. बादली वर आली. तिनं ती नवरीच्या घड्यात ओतली, पोरीच्या गालाला ओला हात लावला आणि घुमट पुन्हा सुरू झाला. यादीत तो फोटो मी बेचाळीस नंबरला लिहून ठेवला आहे. अपिलात घेतील की नाही, माहीत नाही.

त्यानंतर सात आठवड्यांनी ती झोपेतच गेली. खटल्यात आता वसईच्या मुलीचं नाव लागलं आहे आणि तीही त्याच दिवशी सही करत नाही.

पण माझ्या डोळ्यांसमोर येते ती त्या लग्नाच्या दिवशीची सकाळ. मी खिडकीत चहा घेत होतो. खाली सिसिलबाय झाडत होती. आदल्या दिवशी पाणी काढताना सांडलेले तांदूळ, विड्याची पानं, झेंडूच्या पाकळ्या. पूर्व झाली, उत्तर झाली, दक्षिण झाली. पश्चिमेला ती भिंतीच्या दोन फूट अलीकडे थांबली, खराट्यानं मातीवर एक सरळ रेघ ओढली आणि वळली. त्या रेघेपलीकडे फणसाची वाळकी पानं साचली होती, बऱ्याच दिवसांची. उलटतपासणीनंतर तिनं ती पट्टी झाडलीच नव्हती.

तिचं लक्ष वर गेलं.

"काय बघतो रे, सावंत? विश्वास नय? टेप घेऊन खाली ये."

मी टेप घेऊन खाली गेलो. रेघ भिंतीपासून बरोबर चोवीस इंचांवर होती.